माझ्या फोटोला हार

आमच्या धंद्यात मरण जवळ आलं की आधी फोटो काढतात. दिग्दर्शकाचा सहायक येतो, नको इतका गोड बोलतो आणि म्हणतो, "ताई, जरा त्या भिंतीपाशी उभ्या राहता का? हसा थोडं. प्रेमळ हसा." प्रेमळ हसायला सांगितलं की आपण काय ते समजून जायचं. दोन दिवसांनी तोच फोटो मोठा करून दिवाणखान्याच्या सेटवर टांगलेला असतो, त्याला चंदनाचा हार असतो आणि खाली उभी राहून नायिका रडत असते. तिला रडायला कोणीतरी मरावं लागतं आणि ते कोणीतरी बहुतेक वेळा मीच असते.

नायगावला मालिकांचे बंगले आहेत. तिथल्या मेकअपच्या खोलीत आम्ही साठीच्या आसपासच्या बायका एकमेकींना भेटलो की विचारतो, "काय गं, सध्या जिवंत आहेस का?" आणि दुसरी म्हणते, "नाही गं, माझा फोटो झाला." ऐकणाऱ्याला धस्स होईल, पण आम्हाला त्याचं काही वाटत नाही. मी आजवर इतक्या वेळा भिंतीवर गेले आहे की मला माझ्याच चेहऱ्याखालची उदबत्ती ओळखीची झाली आहे.

मराठीत आम्हाला चरित्र अभिनेत्री म्हणतात. शब्द मोठा भारदस्त आहे. प्रत्यक्षात नायिकेच्या मागे चहाचा ट्रे धरून जी उभी असते, ती चरित्र अभिनेत्री. मी मावशी झाले, आत्या झाले, शेजारीण झाले, भाजीवाली झाले आणि "डॉक्टर, पेशंट शुद्धीवर आलाय" असं सांगणारी नर्स तर किती वेळा झाले याचा पत्ता नाही. मी जन्माने ख्रिस्ती, पण ख्रिस्ती बाईचं काम मला कधी मिळालं नाही. त्याला फ्रॉक लागतो आणि तोडकंमोडकं हिंदी लागतं. मी एकदा सांगून पाहिलं की आमच्याकडच्या बायका लुगडं नेसतात आणि मराठीच बोलतात, तर तो तरुण लेखक माझ्याकडे कीव आल्यासारखा बघत म्हणाला, "हो, पण प्रेक्षकांना कसं कळणार?" मग मी कपाळाला टिकली लावून पुन्हा मावशी झाले. भांडायचे दिवस होते तेव्हा भांडले. आता गुडघे भांडतात तेवढं पुरे आहे.

आमचं घर पाचूबंदरला, वसईच्या किल्ल्याच्या पलीकडे, जेट्टीपासून हाकेच्या अंतरावर. लग्नाचं राहूनच गेलं, त्यामुळे मी अजून माहेरीच. घरात आई, भाऊ आणि वहिनी. भाऊ बोटीवर असतो, म्हणजे घरात कमीच असतो. आईने उभं आयुष्य जेट्टीवर मासळीचा लिलाव केला. तिचा आवाज असा की बोट धक्क्याला लागायच्या आत खलाशांना कळायचं, आज कोण उभी आहे. माझ्या आवाजाचं नाटकवाल्यांनी पुढे कौतुक केलं, पण तिच्या निम्म्यानेही माझा आवाज नाही.

आईचा एक नियम होता. बोट पाण्यात असेल तोवर मासळीविषयी चांगलं बोलायचं नाही. यंदा पापलेट बरं लागलंय, असं कोणी नुसतं म्हटलं तरी ती खेकसायची. बोटीला नजर लागते म्हणे. बोट आली, मासळी टोपलीत पडली, की मग काय ती तारीफ करा. आम्ही लहानपणी मुद्दाम तिला चिडवायला वडलांची बोट बाहेर असताना म्हणायचो, "आज टोपल्या भरून येनार!" आणि धपाटे खायचो. सगळ्या कोळणी हा नियम पाळतात असं नाही. आमच्या घरात मात्र तो दहा आज्ञांच्या जोडीने अकरावा होता.

नाटकाचा नाद लागला तो चर्चच्या पटांगणात. उपवासकाळात आमच्याकडे ख्रिस्ताच्या दुःखसहनाचं नाटक बसवायचे. त्यात रस्त्याच्या कडेला उभं राहून रडणाऱ्या बायका असतात, त्यांतली एक मी. संवाद नव्हता. मी मात्र घरी, विहिरीवर, मासळी सुकवताना, जिथे तिथे रडून सराव केला होता. नाटक संपल्यावर अख्ख्या आळीने मला सांगितलं की पोरी, तू रडलीस आणि आम्हीही रडलो. मी धावत आईकडे गेले. विचारलं, "कसं झालं?" ती म्हणाली, "लुगडं नीट नेसायचं. मागून सुटत होतं."

त्यानंतर आयुष्यभर हेच. पहिल्यांदा मुंबईला व्यावसायिक नाटकात उभी राहिले, तेव्हा तिने विचारलं, जेवायला काय देतात? पहिल्यांदा टीव्हीवर दिसले तेव्हा सगळी आळी आमच्या घरात जमली होती आणि मी पडद्यावर आल्याबरोबर आई उठून लसूण सोलायला आत गेली. पुढेही तसंच. मी दिसले की ती उठायची. मी कधी विचारलंच की आई, पाहिलंस का, तर म्हणायची, "पाह्यलं. भाकरी थापतेस ती तशी थापत नाय." एकदा एका सोहळ्यात मला मानचिन्ह मिळालं, ते तिने कपाटावर ठेवलं आणि त्यावर छत्री अडकवली. मी त्या छत्रीकडे बघून किती जळफळले ते मलाच ठाऊक आहे. लोक म्हणतात, वय झालं की असल्या गोष्टींचं काही वाटत नाही. साफ खोटं आहे. साठी ओलांडली तरी मला आईच्या तोंडून एकदा 'बरं केलंस' एवढंच ऐकायचं होतं. दुसऱ्या कोणाच्या तोंडचं ते मला पुरत नव्हतं.

मग तिचं विसरणं सुरू झालं. आधी चष्मा, मग गॅस, मग माणसं. वहिनीला ती आपल्या बहिणीच्या नावाने हाक मारायला लागली. वहिनी शहाणी, ती त्याही नावाला ओ द्यायची. मला मात्र आई ओळखायची. माझी लांब वेणी हातात धरून म्हणायची, "तेल लाव गो, सुंभ झालाय नुसता."

गेल्या वर्षी मी मावशी होते त्या मालिकेत माझा फोटो झाला, तेव्हा मी एका सिनेमासाठी कोल्हापूरकडे गेले होते. आठवडाभराचं काम. एका म्हाताऱ्या विधवेची भूमिका होती आणि त्यासाठी त्यांनी माझे केस कापून अगदी बारीक केले. मला वाईट वाटलं, पण या वयात काम आलं की केसांचं कौतुक करत बसायची सोय नसते. इकडे घरी संध्याकाळी वहिनी मालिका लावायची. भिंतीवर मी, गळ्यात हार, खाली नायिका हुंदके देतेय. आईने क्रूसाची खूण केली. हार घातलेला कोणाचाही फोटो दिसला की ती तसं करतेच, रस्त्यावरच्या फलकावरचा पुढारी असला तरी करते, त्यामुळे वहिनीने लक्ष दिलं नाही. त्या आठवड्यात रोज फोटो दिसला आणि मी काही घरी आले नाही. आई रोज सकाळी चर्चला जायचीच. त्यांतल्या एका सकाळी ती तिथल्या कार्यालयात गेली आणि मिस्सा, म्हणजे नाव देऊन म्हणवून घ्यायची चर्चमधली प्रार्थना, लावून आली.

मी परतले तो रविवार होता. रात्रभर बसमध्ये अंग आंबून गेलं होतं. घराला कुलूप, म्हणजे सगळे चर्चमध्ये. पायरीवर बसून राहण्यापेक्षा जाऊ म्हटलं आणि बॅग घेऊन तशीच गेले, मागच्या बाकावर टेकले. डोळे मिटत होते. फादर नवे होते, थोड्याच दिवसांपूर्वी बदलून आलेले. मिस्सा कोणाकोणासाठी आहे ते ते वाचत होते. अमक्याच्या आत्म्यास शांती मिळावी म्हणून, तमकीच्या आत्म्यास शांती मिळावी म्हणून. आणि मग माझं नाव आलं. नाव, वडलांचं नाव, आडनाव, सगळं चोख.

झोप उडाली. पुढच्या बाकांवर कुजबुज झाली, दोन-चार माना मागे वळल्या आणि माझ्यावर येऊन थांबल्या. एका म्हातारीने तर मला बघून छातीवर हात ठेवला. मला आधी हसू आलं. इतकी वर्षं मरतेय, पण चर्चमध्ये नाव वाचण्यापर्यंत कधी मजल गेली नव्हती. मग पुढे पहिल्या बाकावर आई दिसली. ती रडत होती. तोंडाला पदर लावून, आवाज न करता. वडील गेले तेव्हाही ती चारचौघांत रडली नव्हती.

मिस्सा संपल्यावर बायकांनी मला गराडा घातला. "आयुष्य वाढलं गो तुजं!" म्हणून एकीने पाठीत थाप मारली. फादरना कोणीतरी सांगितलं, ते बिचारे घामाघूम होऊन पुन्हा पुन्हा माफी मागत होते. मी म्हटलं, "फादर, असू द्या. प्रार्थना काय वाया जात नाही." वहिनी आईला हाताला धरून घेऊन आली. "आई, ह्या बघा, ताई आल्यात. ताईंना काय झालेलं नाय. ते टीव्हीतलं होतं."

आईने माझ्याकडे पाहिलं. डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं, केसांवर जरा थांबली. मग माझा हात हातात घेऊन म्हणाली, "तू कोन, बाय? माज्या पोरीच्या संगं काम करायचीस काय? आलीस ते बरं केलंस."

आयुष्यभर 'बरं केलंस' ऐकायचं होतं, ते असं ऐकलं.

वसईच्या डॉक्टरांनी गोळ्या बदलल्या आणि सांगितलं की वाद घालू नका. पण डॉक्टरांचं काय जातं? मी वाद घातला. मी तिला माझे जुने फोटो दाखवले. विळीवर मासळी कापताना लहानपणी कापलेलं बोट दाखवलं. ती जखम तिनेच हळद भरून बांधली होती. ती बोटाकडे बघायची, माझ्या तोंडाकडे बघायची आणि गोंधळायची. केस वाढेपर्यंत लांब वेणीचा टोप घालूनही पाहिलं. एके दिवशी मी जरा जास्तच जोर केला. "आई, मी आहे. मीच आहे. नीट बघ ना." ती मागे सरकली आणि ओरडली, तिचा तो जेट्टीवरचा आवाज, "माज्या मेलेल्या पोरीचं सोंग घेऊन आलीस? लाज नाय वाटत?"

चाळीस-एक वर्षं सोंगं घेतली. वाईट वठलं म्हणून कोणी हाकललं नव्हतं. त्या दिवशी मी मागच्या दारी जाऊन वाळत घातलेल्या बोंबलांच्या काठीखाली बसून पोटभर रडले. मला आईचा राग आला, मालिकेचा राग आला, त्या चंदनाच्या हाराचा राग आला, आणि सगळ्यांत जास्त म्हणजे मला दमायला झालं. आतून दमायला झालं. त्यानंतर मी आईला काही पटवायला गेले नाही.

मी 'बाय' झाले. घरात कामाला येणारी, आईचे केस विंचरणारी, तिला पेज भरवणारी बाय. संवाद थोडे, उभं राहणं जास्त. असल्या भूमिका मला झोपेतही जमतात. आई माझ्याशी चांगली वागायची, तक्रार नाही. संध्याकाळी म्हणायची, "जा आता घरी, तुजी आय वाट बघत असंल." मग मी पुढच्या दाराने बाहेर पडून मागच्या दाराने आत यायची आणि वहिनी माझ्याकडे न बघता मला ताट वाढायची.

अशात मालिकेच्या कचेरीतून फोन आला. मावशी गेल्यापासून लोक नाराज आहेत, तर मावशी परत येतेय. "ताई, ती मेलीच नव्हती. नदीत पडली होती आणि तिची स्मृती गेली होती!" पलीकडचा पोरगा भलताच खूश होता. मी म्हटलं, "बाबा, स्मृती जाते म्हणजे काय होतं ते मला विचारू नकोस." त्याला काही कळलं नाही. मी नाही म्हणणार होते. गुडघ्यांनी तर कधीच नाही म्हटलं होतं. पण मग डोक्यात आलं, आईने मला टीव्हीवर मेलेली पाहिलं ना? मग टीव्हीवरच जिवंत झालेली पाहू दे. माझ्यावर तिचा विश्वास नसेल, टीव्हीवर आहे.

मी एकच अट घातली. घरात आल्यावर भिंतीवरच्या माझ्या फोटोचा हार मी स्वतः काढणार. दिग्दर्शकाला ती कल्पना इतकी आवडली की थोड्या वेळाने ती त्याचीच झाली. माझी ना नव्हती. नायगावला पहाटेपासून उभी राहिले. लांब वेणीचा टोप, जुनंच हिरवं पातळ. दारातून आत यायचं, सगळे थक्क, कोणाच्या तरी हातातून थाळी पडते, मी हळूहळू भिंतीपाशी जाते आणि हार उतरवते. थाळी दर वेळी चुकीच्या क्षणी पडत होती. मी पुन्हा पुन्हा आत आले, पुन्हा पुन्हा हार काढला. पाय भरून आले होते, तरी प्रत्येक वेळी तो हार काढताना मी मनात म्हणत होते, आई, बघ.

तो भाग लागला त्या संध्याकाळी वहिनीने घरातली सगळी कामं आधीच उरकून घेतली. भाऊ बोट घेऊन गेला होता. आई टीव्हीसमोर खाली बसली होती आणि मी तिच्या मागे स्टुलावर, हातात फणी. तिचे केस आता बोटभर वेणीपुरते उरलेत. वहिनी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, तोंडावर हात ठेवून. दार उघडलं. मी आत आले. थाळी पडली. मी भिंतीपाशी गेले आणि हार काढला, आणि कॅमेरा माझ्या चेहऱ्यावर येऊन थांबला. माझे हात थांबले होते. आई पुढे झुकून बघत होती.

"आई," वहिनी हळूच म्हणाली, "ताई आल्या की नाय परत?"

"गप. जुना हाय तो," आई म्हणाली. "मेल्यावर पन दाखवतात ती लोकं."

वहिनी आत निघून गेली. मी फणी पुन्हा केसांतून फिरवायला लागले, कारण दुसरं काही करण्यासारखं नव्हतं. सगळे दमलेले दिवस एकदम खांद्यावर येऊन बसले. पडद्यावर नायिका मोठं भाषण करत होती, मावशी, तू कुठे होतीस, वगैरे, आणि मी तिच्यासमोर नुसती उभी होते.

"ही माजी पोर," आई मला म्हणाली. "बग, बाय. ती दुसरी बडबड करते तिच्याकडं नको बगू. हिच्याकडं बग. कशी ऐकते बग. माज्या पोरीसारखं ऐकायला कोनाला येत नाय."

मी तिच्या केसांचे तीन पेड करून वेणी घालायला घेतली.

"एकदा नर्स झालेली. डागतर बोलत होता, मेलेल्या मानसाची बायको रडत होती, आन ही मागं उभी. पान्याचा गिलास घेऊन. पन तो गिलास तिनं कसा धरलेला! द्यावा का नको, द्यावा का नको. मी लसून सोलत होते आतमदी, दारातनं बगत होते. माजा हात कापला."

"तुम्ही बघायचात?" मी विचारलं.

"सगलं बगितलं. एक नाय सोडलं."

"मग तिला कधी सांगितलं नाही?"

आई मागे वळली. मला वाटलं, आता ओळखेल. पण तिने माझ्याकडे पाहिलं ते एखाद्या अडाणी पोरीकडे पाहावं तसं.

"बोट पान्यात असताना कोन बोलतं काय? नजर लागते." मग पुन्हा टीव्हीकडे तोंड करून, जरा थकल्या आवाजात म्हणाली, "आता काय. आता लागली धक्क्याला. आता बोलले तरी चालतं."

मी जिवंत आहे हे तिला अजून एकदा सांगून पाहता आलं असतं. कदाचित त्या क्षणी पटलंही असतं. पण मग बोट पुन्हा पाण्यात गेली असती आणि ती गप्प झाली असती. मी तिच्या केसांना थोडं तेल लावलं, वेणी सोडली आणि पुन्हा पहिल्यापासून घालायला घेतली.

"मग अजून काय काय केलं तिनं?" मी विचारलं.